बसून पाहिलेला स्पॅनिश सिनेमा

सनीव्हेलला मुलाकडे येऊन अडीच महिने झाले, तरी मंदारला ऑफिसातून सवड म्हणून नव्हती. परतीला चार दिवस उरले आणि स्वारीनं आपणहून विचारलं, "आई, सॅन फ्रान्सिस्कोत जुने स्पॅनिश सिनेमे लागलेत. हुकूमशहा गेल्यानंतरचे. येतेस?"

नागपूरच्या शाळेत जन्मभर इतिहास शिकवलेल्या बाईला आणखी काय हवं! मध्यंतरासाठी चिवड्याचा डबा घेतला आणि सकाळच्या ट्रेननं निघालो. खिडकीतून वाळक्या गवताच्या पिवळ्या टेकड्या दिसत होत्या. मंदारनं लॅपटॉप घरीच ठेवला होता. मी एवढ्यावरच खूश होते.

थिएटर जुनं, लाल मखमली खुर्च्यांचं. दिवे मंदावले आणि मी ताडकन उभी राहिले. आपल्याकडे हल्ली सिनेमाआधी राष्ट्रगीत असतं ना, ते अंगवळणी पडलेलं! इथे मात्र काहीच सुरू होईना. मागून कुणीतरी "एक्सक्यूज मी" म्हणालं.

"आई, बस ना खाली! सगळे बघतायत," मंदार पुटपुटला आणि स्वतःच खुर्चीत खाली सरकला. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. एक दिवस मुलगा वाट्याला आला, आणि त्यालाच माझी लाज वाटावी!

सिनेमा मात्र फक्कड निघाला. त्यातल्या बायका मोठमोठ्यानं भांडत होत्या, प्रेमात पडत होत्या, कुणाच्या बापाला भीत नव्हत्या. सबटायटल्स (पडद्याखालच्या इंग्रजी ओळी) वाचता वाचता मी खो खो हसले. मध्यंतर काही आलंच नाही.

बाहेर पडल्यावर शेजारच्या खुर्चीतल्या आजीबाईंनी मला गाठलं. "तुम्ही उभ्या का राहिलात?"

मी ओशाळत सांगितलं. बाई माद्रिदच्या निघाल्या. लहानपणी त्यांनाही थिएटरात राष्ट्रगीताला उभं राहावं लागे, हात पुढे ताणून.

"बसायची हिंमतच नव्हती," त्या म्हणाल्या. "पुढे तो हुकूमशहा मेला. मग असले सिनेमे आले. पहिला पाहिला तेव्हा मी आणि नवरा संपल्यावरही बसूनच राहिलो. रडत होतो."

मी चिवड्याचा डबा उघडून त्यांच्यापुढे धरला. फुटपाथवर तिघांनी उभ्याउभ्याच तो फस्त केला.

नागपूरला परतल्यावर मैत्रिणीबरोबर सिनेमाला गेले. राष्ट्रगीत सुरू झालं. उठताना त्या बाईंची आठवण झाली आणि प्रथमच स्वतःला विचारलं, कुणी सांगितलं नसतं तरी उठले असते का? मनापासून हो वाटलं.

रात्री मंदारला फोनवर हे सांगितलं.

"आई, त्या दिवशी तू उभी राहिलीस ना," तो म्हणाला, "तेव्हा मीही उठायला हवं होतं गं."