कोपऱ्यातला गाडीवान

सोनामावशी गेल्याचा फोन आला तेव्हा मी लोणावळ्यात दुकानाचं शटर वर करत होतो. वय झालं होतं, अंथरुणाला खिळली नाही, सोनं झालं, असं सगळे म्हणाले. मला तसं म्हणवलं नाही. बाई एकच साधी गोष्ट मागत होती, आणि ती तिला कोणी दिली नाही...

मावशी आईची धाकटी बहीण, पवनेकाठच्या गावात दिलेली. लग्नाला वर्ष व्हायच्या आत तिकडे एका हिंदी सिनेमाचं शूटिंग आलं. गाण्याला बैलगाडी हवी होती, ती काकांची, म्हणजे मावशीच्या नवऱ्याची घेतली. मागे हिरोईन, आणि पडद्याच्या उजव्या कोपऱ्यात कासरा धरून बसलेले आमचे काका. पुढच्याच वर्षी ते तापानं गेले. घरात त्यांचा एकही फोटो नव्हता. होतं ते हे गाणं. टीव्हीवर तो सिनेमा लागला, की गाणं सुरू व्हायच्या आधी मावशी डोक्यावर पदर घेई. आम्ही पोरं हसायचो. आम्हाला त्या कोपऱ्यात पटका आणि त्याखाली काळसर काहीतरी दिसायचं, तिला नवरा दिसायचा. पुढे चॅनेलवाल्यांनी तो सिनेमा लावायचंच सोडलं.

मोबाइल आल्यावर मला वाटलं, आता काय, सगळं खिशात. एका अ‍ॅपवर सिनेमा सापडला, पण गाणंच कापलेलं. ते सिनेमाचे हक्क घेतलेल्या कंपनीच्या इंटरनेटवरच्या चॅनेलवर वेगळं मिळालं, आणि उजव्या कोपऱ्यात, नेमकं काकांच्या तोंडावर, कंपनीचं गोल चिन्ह. सुरुवातीपासून शेवटपर्यंत. मावशी पदर घेऊन बसली होती. बराच वेळ बघत राहिली, मग हळूच म्हणाली, "त्यास्नी म्हनावं, ती निशानी जरा बाजूला घ्या. हे बसल्यात तितं."

कंपनीला कितीदा तरी लिहिलं. दरवेळी आभाराचं तेच छापील उत्तर. जुने सिनेमे जपतो म्हणून मिरवणारे हे लोक जपतात ते स्वतःचं नाव. हिरोईनच्या तोंडावर चिकटवलं असतं का ते गोल? गाडीवानाच्या तोंडावर चिकटवलं तर विचारतो कोण! मावशी मात्र दर भेटीला विचारायची, "सरकावलं का रं त्येंनी?" आणि मी विषय बदलायचो.

तेराव्यानंतर काही दिवसांनी मी ते गाणं पुन्हा लावलं. नवी आवृत्ती आली होती, संगणकानं उजळून काढलेली. चिन्ह गेलं होतं. गाडीवर काका बसले होते, चेहरा स्वच्छ... फारच स्वच्छ. ना घाम, ना धूळ. खाली बारीक अक्षरांत लिहिलं होतं, की झाकलेले आणि पुसट भाग संगणकानं भरून काढलेत. कासरा धरलेला हात खरा असेल, पटकाही. पण चेहरा? गावातल्या म्हाताऱ्यांना दाखवला. एक म्हणाले व्हय, दुसरे म्हणाले न्हाई, तिसऱ्यांना आठवेना. खात्रीनं सांगू शकेल असं एकच माणूस होतं, आणि त्याला आम्ही पवनेकाठी अग्नी देऊन आलो होतो.