पांढऱ्या साडीतली उमेदवार

"वहिनी, आज तुमी रडल्या नाई."

सभा संपवून गाडीत बसलो तसे भाऊ बोलले. पुढच्या सीटवरून, मागे न वळता. गाडीत ड्रायव्हर होता, भाऊंचा पुतण्या होता, पार्टीची आणखी माणसं होती. सगळ्यांनी ऐकलं.

"नाई आलं रडू, भाऊ," मी म्हणाले.

"नाई आलं कसं? आनाव लागते." मग ते वळले. आवाज चढवला नाही. शाळेतल्या पोराला समजावून सांगावं तसं म्हणाले, "मेलेला मानूस एकाच इलेक्शनले कामी येते, वहिनी. पुढच्या वेळी लोक इसरून जातेत. आता रडाल तर निवडून याल."

पुतण्या हसला. मोठ्यानं नाही. पण हसला.

मेलेला माणूस म्हणजे माझा नवरा. त्याच्या चपला अजून आमच्या दारातून कोणी हलवल्या नव्हत्या.

तो आमदार होता. छातीत दुखतं म्हणाला, नागपूरच्या दवाखान्यात नेता नेता रस्त्यातच गेला. पोटनिवडणूक लागणार होती. तेराव्याच्या दिवशी भाऊ आमच्या घरी आले. भाऊ म्हणजे पार्टीचे जिल्ह्याचे नेते, चंद्रपुरात त्यांच्या शब्दाशिवाय पार्टीत कोणी हलत नाही. ओसरीवर माझ्या दिराला म्हणाले, "तिकीट वहिनीले." मी आत भांडी विसळत होते. मला कोणी विचारलं नाही.

पण खरं सांगते. विचारलं असतं तरी मी हो म्हटलं असतं. मला आमदार व्हायचं होतं. बाई असं बोलली की लोकांना सोसत नाही. बोलते. व्हायचं होतं. नवरा मुंबईला असायचा तेव्हा लोक माझ्या दारात यायचे. कोणाच्या गावची विजेची डीपी जळालेली, कोणाचा बैल वाघानं मारलेला आणि पंचनामा झालेला नाही, कोणाची सून बाळंतपणाला अडलेली. मी चहा टाकायची, ऐकून घ्यायची, फोन लावायची. "आमदार साहेबांच्या घरून बोलून राह्यली," म्हणायची. काम व्हायचं. माझं नाव त्या फोनवर कधी कोणी विचारलं नाही.

दुसऱ्या दिवशी भाऊंची बायको आली. पिशवीत पांढऱ्या साड्या. कोऱ्या, घडीच्या खुणा असलेल्या.

माझी सासू तिथंच बसली होती. तीही विधवा. जन्मभर हिरवं-निळं लुगडं नेसून धानाच्या बांधीत रोवणी केली तिनं. आमच्याकडं पांढरं कोणी नेसत नाही. तिनं विचारलं, "हे काऊन?"

"लोकाईले दिसाव लागते," भाऊंची बायको म्हणाली. माझ्या कपाळावर बारीक टिकली होती. तिनं जवळ येऊन ती नखानं काढली. तांदळातला खडा काढावा तशी.

मी काढू दिली. मला तिकीट पाहिजे होतं.

मग सभा सुरू झाल्या. स्टेजवर मधोमध नवऱ्याचा मोठा फोटो, त्याला हार. बाजूला खुर्चीवर मी. भाषण भाऊंचं. बोलता बोलता ते फोटोवर हात ठेवायचे. तो इशारा. तिथं मी पदर डोळ्याला लावायचा. पहिल्या काही सभांना मी खरंच रडले. नंतर आटलं. दिवसाला चार-पाच गावं, तोच फोटो, तेच भाषण. कुठून आणू?

त्या दिवशी गाडीत बोलणी खाल्ली आणि दुसऱ्या सकाळी पुतण्यानं बामची डबी हातात दिली. "पदराच्या टोकाले लावून ठेवा, काकू. फक्त टेकवाचं."

मी लावलं. डोळ्यांची आग आग व्हायची. पाणी गळायचं. समोर बसलेल्या बाया माझ्याकडं पाहून रडायच्या. त्यांचं रडणं खरं होतं. कापणी टाकून आलेल्या बाया, मातीचे पाय, आणि माझ्यासाठी रडतात. मला त्यांच्याकडं पाहवायचं नाही.

एकदा मी भाऊंना म्हणाले, दोन शब्द मीही बोलते. ते म्हणाले, "काऊन बोलता? बोलल्या तर लोक फक्त आयकतेत. रडल्या तर मत देतेत."

घरी आले की माझी मुलगी, बारावीला होती तेव्हा, मोबाइल पुढं धरायची. माझ्या रडण्याचा व्हिडिओ तालुकाभर फिरत होता.  ती नुसती माझ्या तोंडाकडं पाहायची.

सिंदेवाहीच्या पुढं जंगलाला लागून एक गाव आहे. तिथली सभा दुपारी ठेवली होती. तिकडं अंधार पडायच्या आत माणसं घरी पोचायला पाहिजेत, वाघाचा भाग. देवळापुढं मंडप. भाऊंनी फोटोवर हात ठेवला. मी बामाचा पदर डोळ्याला लावला.

"ओ बाई."

मधल्या रांगेतून एक बाई उभी राहिली. माझ्याच वयाची. कमरेला खोचलेलं लुगडं, डोक्याला फडकं. शेतातून सरळ आली होती.

"तू काऊन रडून राह्यली व?"

सगळ्या माना तिच्याकडं वळल्या.

"तुहा मानूस आजारानं गेला. माह्या मानसाले वाघानं नेलं. आमच्या इथी लाइटची लाइन रात्री येते. मोटर चालू कराले वावरात गेला, तो तिकडच राह्यला. मले कोनी इस्टेजवर नाई बसवलं. मले रडाले टाइम नाई भेटला, धान कापाचा होता." तिनं श्वास घेतला. "रडू नको. दिवसा लाइन देशीन का, तेवढं सांग."

भाऊ माइकवर हसले. "ताई, बसा ताई. वहिनीचं दुःख लई मोठं आहे. तुमचं काम आपन मागून पाहू."

दोन कार्यकर्ते तिच्याकडं निघाले. एकानं तिचं कोपर धरलं. तिनं झटकलं. त्यानं पुन्हा धरलं.

मी उठले. का उठले, ते तेव्हा कळलं नाही. पायच उठले. माइकपाशी गेले. भाऊंनी माइकवर पंजा ठेवला. "वहिनी, बसा."

"हात काढा, भाऊ."

मी हळूच बोलले होते. पण माइक चालू होता. गावभर ऐकू गेलं. भाऊंनी हात काढला.

"त्या बाईले सोडा," मी म्हणाले. त्यांनी सोडलं. मी तिला विचारलं, "नाव काय तुमचं?"

"शेवंता."

"शेवंताबाई, लाइन माह्या हातात नाई. मी निवडून आली तर सभागृहात उभी राहून मांगीन. नाई भेटली, तर तुमच्या गावात येऊन नाई भेटली म्हनून सांगीन. आन मी आजपासून रडनार नाई."

टाळ्या पडल्या नाहीत. शेवंताबाई खाली बसली. एवढंच झालं.  आणि बामानं डोळे जळत होते म्हणून सगळा मंडप मला धूसर दिसत होता.



दुसऱ्या दिवशी मी माझी पोपटी साडी नेसले. मुलीनं स्वतःच्या पाकिटातली टिकली काढून लावून दिली. अंगणात भाऊ उभे. वरून खालपर्यंत पाहिलं. "हे काय नाटक आहे?"

"नाटक कालपर्यंत होतं."

फॉर्म मागं घ्यायची तारीख निघून गेली होती. उमेदवार बदलता येत नव्हता. मला ऐकू जाईल असं ते पुतण्याला म्हणाले, "बाई हातची गेली." मग प्रचाराला निघाले, कारण हरणंही त्यांना परवडणारं नव्हतं. पुढच्या सभांत मी बोलले. धड जमलं नाही. एका ठिकाणी मधेच विसरले, खाली बसले, पुन्हा उठले.

निवडून आले.

सभागृहात जागा अगदी मागं. अधिवेशनाला निघाले की भाऊंचा माणूस सांगायचा, "पार्टीच्या साहेबाईनं हात वर करा म्हटलं का करा. बाकी शांत बसा." मी दिवसाच्या लाइनचा प्रश्न लावला. बोलायला उभी राहिले. लिहून नेलेलं पुस्तकी मराठी दोन ओळींत संपलं आणि तोंडात आपली बोली आली. "मले उत्तर पाह्यजे," मी म्हणाले. बाजूच्या बाकावरून कोणीतरी नक्कल केली, "मले पाह्यजे!" हसले. आमच्याच पार्टीचे हसले. कानशिलं तापली. बसावंसं वाटलं. बसले नाही. त्याच बोलीत पुढं बोलले, उत्तर येईपर्यंत उभी राहिले.

काही गावांना दिवसाची लाइन मिळाली. शेवंताबाईच्या गावाला नाही मिळाली. मी गेले तिच्या घरी, सांगितलं. तिनं पाणी दिलं. रागावली नाही, सांत्वन केलं नाही. "मंग पुन्यांदा मांग," म्हणाली.

पुन्हा मागितली. पुन्हा. पार्टीत माझं नाव पडलं, लाइनवाली बाई. बैठकांचे निरोप येणं बंद झालं. दीरही भाऊंकडं बसू लागला.

आता निवडणूक आली आहे. परवा भाऊ घरी आले. पुतण्या सोबत. सोफ्यावर बसले, पेढ्यांचा डबा ठेवला.

"तिकीट याले देऊन राह्यलो," पुतण्याकडं बोट करून म्हणाले. "जागा आपल्याच घरात राह्यली समजा. तुमी चांगली धरून ठेवली, वहिनी."

एसटीत खिडकीतून रुमाल टाकून जागा धरतात. मालक आला की रुमाल खिशात. इतकी वर्षं मी त्यांच्या हिशेबात रुमाल होते.

"एक मेहरबानी करा," भाऊ पुढं म्हणाले. "पहिल्या सभेले याच्या बाजूनं बसा. आमदार साहेबाचा फोटो लावतो आपन. तुमाले बोलाचं टेन्शन नाई."

मी डबा त्यांच्याकडं सरकवला. 

"भाऊ, पेढे उचला. आन निघा."

"वहिनी, पार्टीबिगर तुमाले कुत्रं इचारनार नाई."

"मंग नाई इचारनार."

ते गेले. गाडीचा दरवाजा जोरात आपटला. सासू आतून सगळं ऐकत होती. तिनं बाहेर येऊन विचारलं, "आता?"

आता मी अपक्ष उभी राहते आहे. फॉर्म भरायला तहसीलला जाईन तेव्हा मागं किती माणसं असतील, माहीत नाही. मोठी गाडी नाही, पार्टीचं चिन्ह नाही. बचत गटाच्या काही बाया येतो म्हणाल्या. त्यातल्या काहींना घरून अडवतील, तेही माहीत आहे. मी बहुतेक हरेन. हरले तर दुसऱ्या दिवशी वीज कंपनीच्या दारात बसेन आणि पुढच्या निवडणुकीला पुन्हा फॉर्म भरेन. मत मी माझ्या नावावर मागणार आहे. ज्याला द्यायचं नाही त्यानं माझ्या तोंडावर सांगावं. मी ऐकून घेईन. पण या जागेवरून उठणार नाही.