परतीच्या हवेचं माप

कुठल्याही घरात शिरले की आधी दारांखालच्या फटी बघायचे. खिशात पातळ कागदाची घडी असायची. भिंत ठोकताना बोलणाऱ्याला हातानंच गप्प करायचे. आकडेमोड मोठ्यानं करायचे आणि चुकले की स्वतःलाच ‘गाढवा’ म्हणायचे.

लोक त्यांना जाळीमास्तर म्हणत. घरांत गरम-गार हवेचे पत्र्याचे डक्ट बसवायचे. माझ्याहून तीस वर्षांनी मोठे, तरी मित्रच. गुरुवारी गेले. शिडीवरून उतरले, खाली बसले, तेवढंच. मला अजून खरं वाटत नाही.

ओळख झाली तीन वर्षांपूर्वी, आईमुळे. धुळीनं तिचा दमा उफाळायचा, म्हणून खोलीचं दार बंद ठेवायचं होतं. पण दार लावलं की खोली कोंदायची. दोन वर्षं ती हॉलमधल्या खुर्चीतच झोपत होती. जो तो म्हणायचा, डक्टमधून हवा सोडणारं मशीन बदला, मोठं घ्या.

मास्तरांनी दार लावलं, फटीशी कागद धरला. कागद बाहेर ओढला गेला.

“मशीन ठीक आहे, ताई. हवा आत येते, परत जायला वाटच नाही. पाहुणे येतायत आणि उठायचं नाव कुणी घेत नाही, असं झालंय.”

आई कितीतरी दिवसांनी हसली.

त्यांनी खोलीच्या पॅसेजकडच्या भिंतीला भोक पाडून जाळी बसवली. संध्याकाळी जाळी शिट्टी मारायला लागली. आई पुन्हा खुर्चीत.

सकाळी मी फोन करणार, तोच ते दारात.

“घरी वही उघडली आणि घाम फुटला. जाळीच्या पट्ट्या जागा अडवतात, ती वजा करायला विसरलो. भोक लहान पडलं.”

“आम्हाला कारण कळलंही नसतं, मास्तर.”

“साहित्यिक बाई, तुमची खाडाखोड कागदावर राहते. आमची भिंतीवर दिसते. सरका बाजूला.”

मोठी जाळी बसली. त्या रात्री आईनं दार लावलं ते सकाळीच उघडलं. चेहरा धुतल्यासारखा ताजा. तेव्हापासून खुर्ची नुसती खुर्ची आहे. याबद्दल मी त्यांचे कधी नीट आभार मानले नाहीत.

आता माझ्या खोलीची पाळी होती. बुधवारी त्यांनी एका पानावर हवा किती ते लिहिलं, वेग लिहिला, ‘पट्ट्या’ लिहून त्याखाली दोनदा रेघ ओढली. “भागाकार केला की जाळीचं माप. तो उद्या,” म्हणाले.

पान माझ्या टेबलावर आहे. बरोबरच्या चिन्हापुढे काही नाही. भागाकार मला येतो. आईही म्हणाली, कर की. अजून केलेला नाही.