पेशंट शंभर वर्षांचे

एकदा पेटली की पाण्यात बुडवली तरी विझत नाही अशी वस्तू माझी धाकटी रोज हाताळते, आणि हे कळल्यापासून माझ्या जिवाला घोर लागलाय. ती जुन्या चित्रपटांच्या संग्रहालयात रिळं दुरुस्त करते. मूकपटांच्या काळातली फिल्म कुजत गेली की कधी पेट घेईल याचा नेम नसतो म्हणे.

"आणि तू दूध गॅसवर ठेवून मावशीशी गप्पा मारत बसतेस, त्याचं काय?" हे तिचं उत्तर.

डबा उघडला की ती आधी हुंगते; फिल्म किती बिघडलीय ते वासावरून कळतं. आता घरी भाजीसुद्धा हुंगूनच घेते. तिचे बाबा म्हणतात, "डॉक्टर हो म्हटलं होतं, झालीच की! पेशंट तेवढे शंभर वर्षांचे."

मध्यंतरी कुस्त्यांची चिठ्ठी लावलेल्या डब्यांत तिला भलताच चित्रपट सापडला. फक्त एका जाहिरातीपुरता उरलेला, सगळ्यांनी कधीच गेला म्हणून सोडून दिलेला. त्या दिवशी बाईसाहेब चपलांसकट स्वयंपाकघरात नाचल्या. बाकीची रिळं धडधाकट निघाली, पण शेवटचं काकवीसारखं चिकटून बसलंय. उद्या सुटलं तर सुटलं, नाहीतर धोका नको म्हणून ते नष्ट करायचं, असं तिच्या साहेबांनी बजावलंय.

"एकाने धरायचं, दुसऱ्याने सोडवायचं, असं तूच सांगायचीस ना? मग धरणार कोण?" मी जेवताना विचारलं.

"साहेब."

"त्यांचा चहा बशीत सांडतो! गोंदकाकांना बोलाव."

गोंदकाका म्हणजे तिचे गुरू. आधी थिएटरात मशीन चालवायचे, मग संग्रहालयात आले. तुटलेली फिल्म जोडण्यात त्यांचा हात धरणारं कुणी नाही, म्हणून हे नाव. ते निवृत्त व्हायच्या सुमारास हिने एका रिळावरचे लाल डाग मन लावून पुसले. ते डाग नव्हतेच. कुणीतरी बारीक कुंचल्याने एकेका चौकटीतली आग रंगवली होती. काका सगळ्यांदेखत म्हणाले, "पोरी, भांडी घासायला बसलीस का?" तेव्हापासून हिने अबोला धरलाय.

"मी नाही बोलवणार," ती ताट उचलत म्हणाली. "पुन्हा हसतील."

"हसू देत. हसताना हात हलत नाहीत त्यांचे."

त्यावर ओठांच्या कोपऱ्यात हसली, पण फोन काही केला नाही. आता झोपलीय, उशाशी हातमोजे घेऊन. मला मात्र डोळ्याला डोळा नाही. आधी वाटलं, साहेबांनाच फोन करून सांगावं की माझ्या मुलीला यातून वगळा. पण मग ते रीळ जाईल, आणि ही आयुष्यभर माझ्याकडे त्या नजरेने बघेल.

उद्या चिडेल, चार दिवस बोलणार नाही. चालेल. थिएटरात वर्षानुवर्षं रात्रीचे खेळ दाखवलेल्या माणसाला एवढ्यात कुठली झोप? काकांचा नंबर माझ्याकडे आहे. लावतेच.