मीटर माझं, करंट काकांचा

चहाचा कप आधी खाली ठेवा, मग सांगते. नाहीतर ठसका लागेल आणि खापर माझ्यावर फुटेल. वीज कंपनीविरुद्धची केस मी एकटीने लढले, जिंकले, आणि त्यात माझी जी शोभा झाली ना, तशी वैऱ्याचीही होऊ नये!

आचोळ्याला आमचा तिसऱ्या मजल्यावर फ्लॅट. शेजारी लोपीस काका आणि मारीकाकी, मूळचे राजोडीचे. देवमाणसं. पण उन्हाळ्यात आमचं वीजबिल एकदम फुगलं, आणि नेमका तेव्हाच काकांकडे मासे ठेवायला पेटीएवढा फ्रीझर आला!

आता तुम्हीच सांगा, संशय येणार नाही? मला तर भाजीवाल्याच्या काट्याचाही येतो.

एका दुपारी मी घरातला मेन स्विच पाडला. आमचे हे रात्रपाळी करून एसीत झोपले होते, ते घामाघूम होऊन उठले. "अगं, लाईट गेली का?"

"गेली नाही, घालवलीय. झोपा!"

धावत खाली मीटररूममध्ये गेले. आमच्या, म्हणजे ३०२ नंबर रंगवलेल्या मीटरवरचा लाल दिवा आपला लुकलुकतोय! घरात सगळं बंद आणि मीटर चालू? ही चोरी नाही तर काय?

वीज कंपनीत तक्रार केली. उत्तर आलं, मीटर तपासलं, बरोबर आहे. झालं! मला वाटलं, हेही सामील. मग गेले ग्राहक तक्रार निवारण मंचाकडे. तिथे वकील लागत नाही, आणि लागला असता तरी मी कुठे विश्वास ठेवणार होते? अर्जात 'अज्ञात इसम' लिहिलं. काकांचं नाव ऐन सुनावणीत फोडायचं ठरवलं.

सुनावणीच्या दिवशी जिन्यात काकाच भेटले.

"बाय, रिक्षा कशाला? मी सोडतो ना स्कूटरवर. मलापण बघायचंय, ते मंच काय असतंय."

बघा हं! चोर स्वतःहून कोर्टात निघालाय! मी मागे बसले, पण फाईल पोटाशी घट्ट धरून. काकांनी वाचू नये म्हणून. गाडी चालवता चालवता, पाठ माझ्याकडे असताना ते कसं वाचणार होते, हे मला विचारू नका.

मंचासमोर मी त्या लुकलुकत्या दिव्याचा मोबाईलवर काढलेला व्हिडिओ दाखवला, आवाज चढवला. अध्यक्षांनी विचारलं, "तुमचा कोणावर संशय आहे का?"

मी बोट केलं. "हे! हेच!"

काकांनी मागे वळून पाहिलं. मागे भिंत होती.

"तुम्ही आणि हे आलात कसे?" अध्यक्षांनी मला विचारलं.

"यांच्याच स्कूटरवर," मी म्हटलं, आणि पहिल्यांदा माझ्याच कानांना ते विचित्र वाटलं.

काका हळूच म्हणाले, "साहेब, मला वाटलं मी हिचा साक्षीदार आहे. माझं स्वतःचं बिल किती वर्षं जास्त येतंय. हिचा निकाल लागला की मीपण अर्ज टाकणार होतो."

अध्यक्षांनी चष्मा काढला. "दोन्ही मीटरं तपासा. दोघांच्या समोर."

तपासणीला इंजिनीअर आले. आख्खी सोसायटी खाली जमली. मी सगळ्यांच्या पुढे, विजयी मुद्रेने. त्यांनी ३०२च्या मीटरचा स्विच पाडला.

वरून मारीकाकींची हाक आली, "अहो, फ्रीझर बंद पडला! माझी सुरमई!"

"बघा, बघा!" मी उडीच मारली. "माझ्या मीटरवर यांचा फ्रीझर!"

इंजिनीअरने तो स्विच लावला आणि काकांचा, ३०१चा पाडला.

मग आमच्या खिडकीतून ह्यांचं डोकं बाहेर आलं. "एसी का गेला? पुन्हा तूच पाडलास का?"

खाली कोणी हसलं नाही. हसले असते तर बरं झालं असतं.

बिल्डरच्या वायरमनने पहिल्यापासूनच वायरी उलट्या जोडल्या होत्या. म्हणजे काकांचा फ्रीझर माझ्या बिलात होता खरा. पण आमचा एसी, आमचा गीझर, ह्यांची दिवसभराची थंडगार झोप, सगळं इतकी वर्षं काका भरत होते! आणि बिचारे मारीकाकींना म्हणायचे, "इस्त्री कमी करत जा गो!"

मी काकांचे पाय धरायला वाकले. ते मागे सरकले. "राहू दे बाय. फक्त परत सुनावणीला जाशील तेव्हा रिक्षाने जा."

निकाल आला. तक्रार मान्य! वायरी ज्याच्या त्याला, बिलं ज्याची त्याला, मागचा फरकही मिटवायचा. ओळीन् ओळ माझ्या बाजूने.

वायरी बदलल्यावरचं पहिलं बिल ह्यांनी उघडलं. एकदा आकड्याकडे पाहिलं, एकदा भिंतीवरच्या एसीकडे. मग एसीचा रिमोट माझ्या हातात देऊन अगदी शांतपणे म्हणाले,

"मंचाच्या वर विजेचा लोकपाल असतो ना? कर अपील. म्हणावं, मला काहीही करून हरवा!"