आधी पडल्या की आधी पाय मोडला?

सोमवारी सकाळी डेस्कवर बसले तर समोर चार फाईल्स पेंडिंग... दोन महिने होतील आता या गोष्टीला, पण डोक्यातून जात नाहीये. म्हणून लिहितेय.

मी भिवंडीतल्या एका हॉस्पिटलमध्ये मेडिकल कोडर आहे. डॉक्टर जे निदान लिहितात त्याला एक ठरलेला कोड असतो, तो शोधून इन्शुरन्सच्या फॉर्मवर टाकायचा हे माझं काम. आमच्याकडे पायाची फ्रॅक्चर्स खूप येतात... बाईकवरून घसरलेले, गोडाऊनमध्ये पायावर माल पडलेला. नडगीच्या हाडाचे कोड तर मला तोंडपाठ आहेत.

त्या चारांतली एक फाईल बेबीताईंची (नाव बदललंय). जवळच्या दिघाशी गावच्या, वय पन्नासच्या आसपास. उजव्या नडगीचं फ्रॅक्चर, कारण 'पडणे', दुसऱ्या दिवशी सकाळी रॉड टाकायचं ऑपरेशन. मी मार लागून झालेल्या फ्रॅक्चरचा कोड टाकला, फाईल पाठवली आणि पुढची उघडली.

तासाभरात ती इन्शुरन्सकडून परत आली. कुठे पडल्या, कशा पडल्या ते लिहा, म्हणून. केसपेपरवर काहीच नव्हतं, मग मीच वर वॉर्डमध्ये गेले.

बेबीताईंची मुलगी मनाली शेजारी बसली होती. "मी आले तेव्हा आई ओट्याजवळ पडलेली होती, तेच सांगितलं इथे," ती म्हणाली. बेबीताई डोळे मिटून पडल्या होत्या. ते उघडून हळूच म्हणाल्या, "पडून न्हाय मोडला, बाय. बसलेली उठाया गेले, आतून कट्ट वाजलं... मंग मी पडले."

मी पुन्हा विचारलं. पुन्हा तेच उत्तर.

ऐकायला किरकोळ वाटेल, पण आमच्या कामात हा फार मोठा फरक. धडधाकट हाड मार लागून मोडलं तर एक कोड... हाड आतून आजारी असेल आणि नुसतं उठताना मोडलं, तर कोडचा अख्खा विभागच वेगळा. आणि यातलं काय खरं, ते ठरवायचा अधिकार डॉक्टरांचा. माझा नाही.

खाली येऊन सांगितलं तेव्हा आमच्या डेस्कचे हेड नदीमभाई म्हणाले, "मॅडम, डॉक्टरने पडणे लिखा है ना? मग आपण तेच टाकायचं. कोडवरून फाईल अडकली तर उद्याचं ऑपरेशन लटकेल." त्यांचं बरोबरच होतं. नियम तोच आहे.

पण मला बसवेना. पुढची फाईल उघडली, एकच ओळ तीनदा वाचली, बंद केली. दोनदा पाणी प्यायला उठले. डबा उघडला आणि तसाच झाकून ठेवला... त्या बाईचं "कट्ट" कानातून जाईना.

शेवटी एका कागदावर प्रश्न लिहिला आणि ऑपरेशन थिएटरच्या दाराशी जाऊन उभी राहिले. बेबीताईंचे डॉक्टर बाहेर आले, कागद वाचला आणि वैतागले. "आता निदान पण तुम्हीच करणार का?"

"नाही सर. फक्त विचारतेय... आधी त्या पडल्या की आधी पाय मोडला?"

त्यांनी तिथेच उभ्या उभ्या मोबाईलवर एक्स-रे उघडला, मोठा करून बराच वेळ बघितला आणि ते सरळ वॉर्डकडे चालू लागले.

संध्याकाळी ऑपरेशन रद्द झालं. एमआरआय, रक्ताच्या तपासण्या, आणि मोडलं होतं तिथल्या हाडाचा तुकडा बायोप्सीला.

पुढचे दिवस वाईट गेले. मनाली जिन्यात भेटली तेव्हा तिचे डोळे सुजलेले होते. "तुम्ही विचारायला आलात आणि सगळे आता कॅन्सर-कॅन्सर करतायत," एवढंच म्हणाली आणि निघून गेली. वर ती बाई प्लास्टरमध्ये कण्हत पडलेली... ते माझ्यामुळेच, असं वाटायचं. घरी भाजी चिरता चिरता मध्येच थांबायचे. नवऱ्याने काय झालं विचारलं तर त्याच्यावरच खेकसले.

आठवड्याने डॉक्टर स्वतः आमच्या डेस्कपाशी आले. कॅन्सर नव्हता. गळ्यातली एक वाटाण्याएवढी ग्रंथी बिघडली होती आणि ती हाडांमधलं कॅल्शियम रक्तात ओढून घेत होती. त्यानेच हाड पोखरलं होतं. बेबीताईंना मागे दोनदा मुतखडा झाला होता, तोही यामुळेच असावा. "नुसता रॉड टाकून घरी पाठवलं असतं तर पुढे दुसरं हाड मोडलं असतं," ते म्हणाले. फाईल पुढे ओढत म्हणाले, "हिस्टरी मीच नीट घ्यायला हवी होती." मग त्यांनी निदान बदलून सही केली आणि मी कोड बदलला.

मुंबईला गळ्याचं ऑपरेशन झालं, नंतर आमच्याकडे पायाचं. परवा बेबीताई तपासणीला आल्या, वॉकर घेऊन. मनालीने माझ्याकडे बघून मान हलवली, जराशी हसलीही. बेबीताईंनी माझा हात धरला. "पाय समद्यांनी बघितला, बाय. काय झालं ते मला कोनी न्हाय इचारलं... तू इचारलंस."

मला बरं वाटायला हवं होतं. वाटलंही... पण त्या दुपारी मी जुन्या फाईल्सची यादी उघडून बसले होते. किती जणांच्या नावापुढे 'पडणे' वाचून मी कोड टाकला आणि पुढची फाईल उघडली?

ते आता कळायचा मार्ग नाही. पण बेबीताईंनी दुखण्यात डोळे उघडून मला दोनदा सांगितलं, त्याबद्दल त्यांचे आभार मानायचे राहिले होते. ते इथे मानते.