गाठींची दोरी

करडीला मी मास्तर होतो तेव्हा शाळेशेजारी एक सुतार नावा बनवायचा. मापाला त्याच्याकडे गाठी मारलेली एकच दोरी होती. त्याच्या बापाची नाव तलावात कधी उलटली नव्हती. तिचीच लांबी, रुंदी आणि तळाच्या कण्याचा घेर त्या गाठींत होता. कोणी हातभर जास्त लांब नाव मागितली की तो म्हणे, "कायले? शर्यत नावेची नाही जी, चालवणाऱ्याची आहे."

आणीबाणी उठली त्या वर्षी तलावावरच्या शर्यतीत त्याचा जावई पहिला आला. लोक गुलाल उधळत असताना सुतारानं आपणच बनवलेली ती नाव काठावर पालथी घातली आणि कण्याभोवती दोरी लावली. गाठ दोन सूत पुढं गेली, म्हणजे कणा बारीक आणि नाव इतरांपेक्षा हलकी होती.

"रंधा माह्याच हातून जास्त चालला," तो पंचांना म्हणाला. "जावयाचा नंबर काटा."

मला ते जरा जास्तच वाटलं. त्याची मुलगी तिथंच उभी होती.

जावई दोन वर्षं बोलला नाही. मग एक दिवस नवी नाव सांगायला आला, तेव्हा मी तिथं बसलो होतो. सुतारानं खुशालीही विचारली नाही. दोरीचं टोक त्याच्या हातात दिलं.

"धरा, जावाईबापू. आता तुमीच मोजा."